किमची-क्राउट भातात व्हिनेगर नको

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या पुरवणीत हिवाळ्यातल्या कामाच्या दिवसांसाठी म्हणून कोरियन-जर्मन पद्धतीच्या परतलेल्या भाताची कृती छापून आली. हा विषय मराठी वाचकांपुढे आला याचा आनंद आहे. पण कृतीत किसलेला कच्चा कोबी, तीन चमचे व्हिनेगर, टोमॅटो सॉस आणि नुकताच उतरवलेला बासमती भात सांगितला होता. एवढ्यावरून कोबीचा आंबटगोड पुलाव होईल, हा भात होणार नाही. जर्मनीतल्या आमच्या मराठी घरांमध्ये हा भात थंडीभर होतो. तो कशाने जमतो आणि कशाने बिघडतो, हे मापांसह छापून यावे म्हणून हे पत्र.

पहिली गोष्ट म्हणजे किमची (लसूण-तिखट लावून आंबवलेला कोरियन कोबी) आणि साउअरक्राउट (मिठात आंबवलेला जर्मन कोबी) ही जोडी कुणा हॉटेलवाल्याच्या डोक्यातून निघालेली नाही. १९६३ पासून १९७७ पर्यंत दक्षिण कोरियातून जवळपास आठ हजार खाणकामगार पश्चिम जर्मनीत आले. त्याच काळात दहा हजारांहून अधिक परिचारिकाही आल्या. किमचीचा लांबट कोबी तेव्हा इथे मिळत नव्हता, जाडसर कोरियन तिखटही नव्हते. मग बरणीतले साउअरक्राउट धुऊन, त्याला लसूण-तिखट चोळून किमचीची तहान भागवल्याच्या आठवणी त्या पिढीतली माणसे सांगतात. त्यांतले काही जण पुढे मायदेशी परतले. त्यांच्यासाठी कोरियाच्या दक्षिण टोकाला नामहे बेटावर ‘जर्मन गाव’ वसवले गेले. तिकडे कोरियात युद्धानंतर अमेरिकन छावण्यांतून बाहेर आलेले सॉसेज आणि डबाबंद मांस किमचीबरोबर शिजवून ‘बुदे जिगे’ हा रस्सा तयार झाला. उइजोंगबू हे शहर आजही त्यासाठी ओळखले जाते. म्हणजे आंबवलेला कोबी आणि धुरावलेले सॉसेज यांची सांगड दोन्हीकडे गरजेतून बसलेली आहे. किमची घालून परतलेला भात, म्हणजे ‘किमची बोक्कुमबाप’, कोरियन घरांत रोजचाच. त्यात साउअरक्राउट आणि जर्मन सॉसेज आले की आमचा हा भात झाला.

आता व्हिनेगरबद्दल. किमची आणि साउअरक्राउट दोन्ही मिठात आंबतात आणि त्यांचा आंबटपणा मुख्यतः लॅक्टिक आम्लाचा असतो. हे आम्ल तापल्या कढईत उडून जात नाही. पाणी आटते, आंबटपणा मात्र कोबीतच राहतो आणि पुढे तुपाच्या, सॉसेजच्या चवीत मुरतो. व्हिनेगरमधले ॲसेटिक आम्ल वाफेबरोबर उडते. कढईवर वाकलात की नाकाला झोंबते आणि पानात वाढेपर्यंत त्यातले बरेचसे गेलेले असते. मग चव कमी वाटते म्हणून आणखी ओतले जाते आणि भात ओला होतो. बाजारात ‘किमची’ या नावाने मिळणाऱ्या काही बरण्यांतही व्हिनेगर किंवा सायट्रिक आम्ल घालून आंबटपणा आणलेला असतो. जर्मनीत घटकांच्या यादीत ‘एसिग’ (व्हिनेगर) किंवा ‘झॉयरुंग्समिटेल’ (आंबटपणा आणणारा पदार्थ) हे शब्द दिसले तर ती बरणी या भातासाठी घेऊ नये. साउअरक्राउटच्या यादीत कोबी आणि मीठ एवढेच असेल तर उत्तम. ‘वाइनसाउअरक्राउट’मध्ये वाइन घातलेली असते. ते चालते, पण थोडे गोडसर लागते.

किमची जुनी हवी. आठवड्याभराची कुरकुरीत किमची पानात डावीकडे वाढायला छान, पण परतल्यावर तिला चवच उरत नाही. फ्रिजमध्ये तीन-चार आठवडे राहून आंबट झालेली, पाने पारदर्शक झालेली किमची या भाताला लागते. नुसती खायला नको वाटेल इतकी आंबट झाली असेल तर फारच चांगले. बरणी उघडताना सिंकवर धरावी, कारण आत वायू साठलेला असतो आणि लाल पाणी उसळून येते.

तिघांसाठी माप असे: शिजवून गार केलेला भात ५०० ग्रॅम (साधारण २२० ग्रॅम तांदळाचा), किमची २०० ग्रॅम, साउअरक्राउट १५० ग्रॅम, सॉसेज १५० ग्रॅम, मध्यम कांदा १, घट्ट सफरचंद अर्धे, लसूण २ पाकळ्या, गोचुजांग (मिरची आणि आंबवलेल्या सोयाबीनची कोरियन पेस्ट) १ टेबलस्पून, किमचीचे पाणी २ टेबलस्पून, साजूक तूप दीड टेबलस्पून, शहाजिरे पाव चमचा, साखर अर्धा चमचा, तिळाचे तेल १ चमचा, पातीचा कांदा, अंडी ३. तुपाच्या जागी इथे ‘बुटरश्माल्त्स’ मिळते, ते आपले तूपच.

या यादीत मीठ नाही आणि ते घालायचेही नाही. दोनशे ग्रॅम किमचीत सुमारे चार ग्रॅम मीठ असते, साउअरक्राउटमध्ये दोन ग्रॅमच्या आसपास, सॉसेजमध्ये तीन आणि गोचुजांगमध्ये एक-दीड. बेरीज दहा ग्रॅमच्या घरात जाते, म्हणजे माणशी तीन ग्रॅमहून जास्त. जागतिक आरोग्य संघटना मोठ्या माणसाला दिवसाला पाच ग्रॅमपेक्षा कमी मीठ सांगते. त्यामुळे भात शिजवतानाही मीठ घालू नये, सोया सॉस तर लांबच ठेवावा. घरात रक्तदाबाचे कुणी असेल तर साउअरक्राउट पाण्यातून एकदा काढून पिळावे आणि सॉसेज निम्मे करावे. चव फारशी पडत नाही.

तांदूळ आखूड दाण्याचा आणि थोडा चिकट लागतो. जर्मनीत कोरियन तांदळासाठी धावाधाव करण्याची गरज नाही. खिरीसाठी विकला जाणारा ‘मिल्शराइस’ कोपऱ्यावरच्या दुकानातही मिळतो, स्वस्त असतो आणि या कामाला चांगला चालतो. तो तीन-चार पाण्यांनी धुवावा, अर्धा तास भिजवून निथळावा. २२० ग्रॅमला २७० मिलिलिटर पाणी घालून उकळी आली की घट्ट झाकण ठेवून सर्वांत मंद आचेवर १२ मिनिटे, मग आच बंद करून १० मिनिटे. मधे झाकण उघडायचे नाही. पाकिटावर दूध आणि भरपूर पाणी घालून शिजवायला सांगितलेले असते, ते खिरीसाठी आहे. बासमती इथे का चालत नाही, तर त्याचे दाणे सुटे राहतात, गोचुजांगचा लेप धरत नाहीत आणि अशा परतण्यात खाली एकसंध खरपुडी सहजी धरत नाही. ही खरपुडीच या भाताची अर्धी गंमत आहे. कोरियन लोक तिला ‘नुरुंगजी’ म्हणतात आणि आपल्या घरांप्रमाणेच तिच्यासाठी तिथेही भांडणे होतात.

भात आदल्या दिवशीचा हवा, कारण गार झाल्यावर दाण्यातला स्टार्च घट्ट होतो आणि कढईत दाणा फुटत नाही. गरम भात परतला की वाफ सुटते, दाणे एकमेकांना चिकटतात आणि उलथन्याखाली गिचका होतो. पण आदल्या दिवशीचा भात म्हणजे रात्रभर ओट्यावर ठेवलेला भात नव्हे. हे आम्ही जोर देऊन लिहितो, कारण थंडीत इथे हमखास चूक होते. बाहेर शून्य अंश असले तरी हीटरमुळे स्वयंपाकघरात वीस-बावीस अंश असतात आणि शिजलेल्या भातात बॅसिलस सेरियस हा जिवाणू तेवढ्यात आरामात वाढतो. त्याचे एक विष उष्णतेला दाद देत नाही, दुसऱ्या दिवशी कितीही कडकडीत परतले तरी ते नष्ट होत नाही. म्हणून भात शिजला की ताटात किंवा बेकिंगच्या ट्रेमध्ये बोटभर जाडीने पसरावा, वाफ गेली की डब्यात भरून तासाभरात फ्रिजमध्ये ठेवावा आणि दुसऱ्या दिवशी संपवावा. बाल्कनीत पातेले ठेवण्याची इथली पद्धतही या बाबतीत भरवशाची नाही. दुपारी ऊन आले की बाल्कनी फ्रिजपेक्षा गरम होते.

कामावरून आल्यावर वीस-पंचवीस मिनिटे लागतात, अट एवढीच की चिरणे आधी आणि आच नंतर. भात फ्रिजमधून काढून ओल्या हाताने मोकळा करावा. किमची आणि साउअरक्राउट वेगवेगळे पिळावेत. पिळणे म्हणजे चाळणीत ठेवून देणे नाही, मुठीत धरून पाणी ठिबकायचे थांबेपर्यंत दाबणे. दोनशे ग्रॅम किमचीतून सहज पाव वाटी पाणी निघते. ते टाकू नये, त्यातलेच दोन टेबलस्पून पुढे लागतात. साउअरक्राउटचे पाणी मात्र वापरायचे नाही, ते मिळाले तर किमचीची चव दबते. पिळल्यावर दोन्ही बोटाच्या पेराएवढे चिरावेत. साउअरक्राउटच्या लांब तारा तशाच ठेवल्या तर भातात त्यांचे गुंते होतात आणि एका घासात सगळा आंबटपणा येतो.

जाड लोखंडी तवा किंवा पसरट कढई, निदान २८ सेंटिमीटरची. इथल्या काचेच्या सपाट शेगडीवर गोल बुडाची चिनी कढई फक्त मधल्या टिकलीएवढ्या जागेत तापते, म्हणून सपाट बुडाचे भांडे घ्यावे. मध्यम आचेवर अर्धा चमचा तूप, त्यात अर्धा सेंटिमीटर जाड सॉसेजच्या चकत्या. कडा तपकिरी झाल्या की काढून ठेवाव्यात, चरबी भांड्यातच राहू द्यावी. न्यूर्नबेर्गर जातीचे छोटे कच्चे सॉसेज असतील तर सालीतून बोराएवढे गोळे दाबून काढावेत आणि आतपर्यंत शिजेस्तोवर सहा-सात मिनिटे परतावेत. शिजवून धुरावलेले वीनर किंवा डेब्रेत्सिनर तीन-चार मिनिटांत होतात.

आता उरलेल्या तुपात कांदा आणि ठेचलेले शहाजिरे. कांदा पूर्ण मऊ झाल्याशिवाय कोबी घालायचा नाही. चिंच आधी पडली की डाळ शिजता शिजत नाही, तसेच आम्लात कांदा कचकचीत राहतो आणि मग वीस मिनिटे परतला तरी मऊ होत नाही. गाजर घालणार असाल तर त्यालाही हाच नियम. कांदा झाला की साउअरक्राउट घालून पसरावे आणि दोन मिनिटे हात लावू नये. खालची बाजू सोनेरी दिसली की उलटून पुन्हा दोन मिनिटे. इथे खमंगपणा येतो. हात शिवशिवतो म्हणून सारखे हलवत राहिले तर कोबी नुसता वाफेवर शिजतो आणि भाताला डबाबंद वास येतो. मग किमची, लसूण आणि साखर घालून तीन-चार मिनिटे. कडेला सुटलेले तूप लालभडक दिसले की किमची झाली असे समजावे. सफरचंदाच्या चण्याएवढ्या फोडी सगळ्यांत शेवटी, मिनिटभरच. साउअरक्राउटमध्ये सफरचंद घालणे ही जर्मन रीत आहे आणि किमचीच्या मसाल्यात नाशपाती किंवा सफरचंद वाटून घालणे ही कोरियन रीत, त्यामुळे ते दोन्हीकडून जुळते. फक्त ब्रेबुर्नसारखे घट्ट सफरचंद घ्यावे. बोस्कोप चवीला आंबट आणि सुंदर, पण आच लागताच त्याचा गर होतो आणि भात ओला पडतो.

गोचुजांग कधीही थेट तापल्या लोखंडावर टाकू नये. त्यात चिकट तांदूळ आणि गोडवा असतो, अर्ध्या मिनिटात करपतो आणि कडवट होतो. आच कमी करून कोबी बाजूला सारावा, मधल्या तुपात गोचुजांग वीस-तीस सेकंद परतावे, लगेच किमचीचे दोन टेबलस्पून पाणी घालून सैल करावे आणि सगळे एकत्र करावे. मग आच पूर्ण वाढवून भात घालावा. उलथन्याने दाबायचा, मिनिटभर थांबायचे, खालून उलटायचा. असे तीनदा. दाणे चिरडतील असे घोटायचे नाही. शेवटी सॉसेज परत घालून सगळा भात थापून दोन मिनिटे सोडावा. चरचर आवाज बारीक होऊन टिकटिक ऐकू आली की खाली खरपुडी धरली. आच बंद करून तिळाचे तेल आणि पात. तिळाचे तेल आधी घातले तर त्याचा वास जातो. वर कडा कुरकुरीत, बलक पातळ असे एकेक अंडे. पातळ बलकामुळे आंबट-तिखट दोन्ही सौम्य होतात, म्हणून तो मोडून भातात मिसळून खावा.

तिघांच्या वर माणसे असतील तर दोन खेपा कराव्यात. एका भांड्यात किलोभर भात कोंबला की आच पुरत नाही, सगळे वाफेवर मऊ होते. भात ओला झालाच तर आणखी तूप घालू नये. मोठ्या ताटलीत पसरून पाच मिनिटे वारा लागू द्यावा आणि परत तापल्या भांड्यात थापावा. आंबट फार झाला तर साखर वाढवण्यापेक्षा मूठभर किसलेले एमेंटालर किंवा डोंगरी ‘बेर्गकेझे’ चीज घालून झाकण ठेवावे. कोरियातही या भातावर चीज वितळवतात.

शाकाहारी वाचकांसाठी एक महत्त्वाची सूचना, जी छापील कृतीत नव्हती. किमची कोबीची असली तरी बहुतेक वेळा शाकाहारी नसते. तिच्यात माशाचा सॉस किंवा खारवलेली बारीक कोळंबी असते. ‘व्हेगन’ असे स्पष्ट लिहिलेलीच घ्यावी. सॉसेजऐवजी इथे धुरावलेले टोफू, म्हणजे ‘रॉयशरटोफू’, सगळीकडे मिळते. ते कोरडे पुसून, तुपात सर्व बाजूंनी लाल करून घातले की धुराची चव येते. डुकराचे मांस न खाणाऱ्यांनी नुसते ‘गेफ्ल्यूगेल’, म्हणजे कोंबडी-टर्कीचे, एवढे नाव पाहून सॉसेज उचलू नये. त्यात डुकराची चरबी असू शकते किंवा आतड्याचे आवरण असू शकते, ‘श्वाइन’ (डुक्कर) हा शब्द यादीत शोधावा. गोचुजांगमध्ये पुष्कळदा गहू असतो, ग्लुटेन न चालणाऱ्यांनी तेही पाहावे.

महाराष्ट्रातल्या वाचकांना हा भात अशक्य नाही. पुण्यात कोरियन आणि जर्मन दोन्ही कंपन्यांची माणसे चाकण, तळेगाव, रांजणगाव पट्ट्यात काम करतात आणि त्यामुळे कोरियन जिन्नस शहरात मिळू लागले आहेत. साउअरक्राउट घरी करणे सर्वांत सोपे. एक किलो बारीक चिरलेल्या कोबीला २० ग्रॅम मीठ चोळून, पाणी सुटेपर्यंत आठ-दहा मिनिटे दाबून बरणीत ठासावे आणि वर वजन ठेवावे. कोबी सतत पाण्याखाली राहिला पाहिजे, एवढे एक सांभाळावे. १८ ते २० अंशांत तीन-चार आठवडे लागतात, त्यामुळे पुणे-नाशिकची डिसेंबर-जानेवारीची थंडी त्याला मानवते. मुंबई-गोव्यात २८-३० अंशांत तो आठवड्यातच आंबतो आणि लवकर मऊ पडतो, तिथे पाचव्या दिवसापासून चाखून पाहावा आणि आवडेल तिथे फ्रिजमध्ये टाकावा. वर पांढरी पातळ साय आली तर काढून टाकावी, ती अपायकारक नाही. हिरवी, काळी किंवा केसाळ बुरशी दिसली तर मात्र सगळी बरणी फेकावी. तांदूळ इंद्रायणी घ्यावा आणि शिजवताना नेहमीपेक्षा पाव भाग पाणी कमी घालावे. कोरियन तिखटाऐवजी ब्याडगी मिरच्या बिया काढून, कोरड्या भाजून जाडसर कुटाव्यात. नेहमीचे बारीक लाल तिखट तुपात लगेच करपते. गोचुजांग नसेल तर हीच ब्याडगी दोन चमचे, अर्धा चमचा गूळ आणि चमचाभर मिसो (आंबवलेल्या सोयाबीनची जपानी पेस्ट) किंवा सोया पेस्ट एकत्र करून वापरावे. टोमॅटो सॉस नको, त्यात मुळातच व्हिनेगर आणि भरपूर साखर असते.

दुसऱ्या दिवशीच्या डब्यासाठी म्हणून हा भात उरवू नये. एकदा गार करून परतलेला भात पुन्हा गार करणे आणि पुन्हा तापवणे सुरक्षित नाही. डब्यासाठी हवा असेल तर साधा गार भात वेगळा ठेवावा, परतलेला कोबी वेगळा ठेवावा आणि सकाळी दहा मिनिटांत ताजा परतून द्यावा. कोबीचे हे मिश्रण फ्रिजमध्ये तीन दिवस चांगले राहते.

पुढच्या अंकात दुरुस्ती छापताना मापे ग्रॅममध्ये द्यावीत ही विनंती. वाटीभर किमची म्हणजे पिळलेली की न पिळलेली, हे कळले नाही तर वाचकाचा भात पहिल्याच खेपेला ओला होईल.

आपले,
फ्रँकफुर्ट परिसरातील काही मराठी वाचक